उजेड वाढवला आणि आईला दिसेनासं झालं

दिवाळीच्या आधी एक दिवस आईने सुई माझ्यापुढे धरली आणि म्हणाली, "ओवून दे गं." मी दिली आणि विसरले. खरं तर तिथेच चमकायला हवं होतं. आईचं वय अठ्ठ्याहत्तर. आजवर तिने कुणाकडून सुई ओवून घेतलेली नाही. दोरा जिभेवर ओला करायचा, टोक चिमटीत दाबायचं, की पहिल्याच खेपेला आत. पण त्या दिवसापासून रोज संध्याकाळी सुई माझ्या हातात यायला लागली.

आम्ही बडोद्याला दांडिया बाजारात एका जुन्या वाड्याच्या मागच्या भागात राहतो. वाडा आता नावालाच. पुढचा भाग पाडून दुकानं झाली, मागे चौक आणि त्याला लागून चार खोल्या उरल्या. आई तेव्हा नातीच्या लग्नासाठी चादर भरत होती. मधोमध पिसारा मिटलेला मोर, चारी कोपऱ्यांत आंब्याच्या कोयऱ्या. लग्न वैशाखात, म्हणजे वेळ होता, पण आईचा हात मंदावला होता.

आमच्या घरात कुठल्याही अडचणीवर पहिला उपाय म्हणजे इलेक्ट्रिशियनला बोलावणं. यांनी दोन नव्या एलईडी ट्यूब आणल्या, वीस वॅटच्या. एक आईच्या समोरच्या भिंतीवर, दुसरी डाव्या बाजूला. बटण दाबलं तर खोलीचा लग्नाचा हॉल झाला. आम्ही दोघं समाधानाने वर बघत उभे. आई दहा मिनिटं बसली आणि चादर घडी करून उठली.

"टोचतो गं उजेड. आणि मला दोन सुया दिसताहेत."

मी वैतागले. दोन हजारांच्या वर खर्च झाला होता आणि हिला दोन सुया दिसत होत्या!

वरच्या खोलीत भाड्याने एक मुलगा राहतो. जामनगरकडचा, महाराजा सयाजीराव विद्यापीठाच्या फाइन आर्ट्सला शिकतो. आईला 'बा' म्हणतो, मला 'मासी'. भाडं द्यायला आला तेव्हा मी त्याच्याजवळ गाऱ्हाणं घातलं. तो चादरीपाशी मांडी घालून बसला, सुई कापडाच्या वर धरली आणि मला एक ट्यूब बंद करायला सांगितली.

"बा, आता?"

"आता एक."

आईच्या डोळ्यांचा दोष नव्हता. ती सुया मोजत नव्हती, सुईच्या सावल्या मोजत होती. दोन ट्यूब, दोन सावल्या, आणि टाका घालायच्या जागेवर खऱ्या सुईसकट तीन काळ्या रेघा. पोराने वर पाहिलं आणि म्हणाला, "मासी, लाइट वधारे छे, पण खोटी जग्याए छे." उजेड भरपूर आहे, पण चुकीच्या जागी. मग त्याने पेन्सिल घेतली. ट्यूबला समांतर धरली तर पेन्सिलीची सावली रेखीव, काळी. तीच आडवी फिरवून ट्यूबशी काटकोनात आणली तर सावली जवळजवळ गायब. हात तोच, उंची तीच. मी चार वेळा स्वतः फिरवून पाहिलं तेव्हा खरं वाटलं.

ट्यूब चार फूट लांब, पण जाडीला इंचभर. पेन्सिल समांतर असली की तिला अडवायला फक्त तो इंच असतो. आडवी असली की चार फुटांमधला प्रत्येक तुकडा आपापली सावली थोडी थोडी सरकवून टाकतो, आणि त्या सगळ्या एकमेकींत मिसळून विरून जातात. सावली किती कडक पडणार ते उजेड किती आहे यावर नाही, उजेड किती पसरट जागेतून येतो यावर ठरतं. ढगाळ दिवशी हेच होतं. भर दुपारच्या उन्हात जमिनीवर सुमारे एक लाख लक्स (हे उजेडाचं माप) उजेड असतो, आभाळ पूर्ण भरून आलं की तो दहा हजारांच्या आसपास उतरतो. दहावा हिस्सा! तरी ढगाळ दिवशीच माणसाचा चेहरा नीट दिसतो, कारण ऊन एका ताटलीएवढ्या सूर्यातून न येता सगळ्या आभाळातून येतं. ढगातले पाण्याचे बारीक थेंब त्याला इतक्या वेळा वळवतात की ते मूळ कुठून निघालं हेच हरवतं. शाळेत 'विकिरण' म्हणून पाठ केलं होतं ते हे. पेपरात मार्क मिळाले होते, कळलं पन्नाशीत.

कळलं म्हणून मी लगेच शहाणी झाले असं नाही. दुसऱ्या दिवशी रावपुऱ्यातून बटर पेपर आणला आणि आईच्या जुन्या टेबललॅम्पवर गुंडाळला. त्यात अजून पिवळा शंभर वॅटचा बल्ब होता. दहा मिनिटांत वास आला. कागदाला मधोमध चहाच्या रंगाचा गोल डाग, आणखी पाच मिनिटं थांबले असते तर पेटलाच असता. कुणी करत असाल तर सांगते, तापणाऱ्या बल्बला कापड किंवा कागद टेकवू नका. आणि एवढं करून उपयोग शून्य. सावली होती तशीच कडक. कारण कागद बल्बालाच चिकटलेला, म्हणजे उजेडाची जागा आधी मोसंब्याएवढी होती, आता नारळाएवढी झाली, बस. दुधी काचेचा बल्ब डोळ्यांना बरा वाटतो, फिलामेंटची तार दिसत नाही, पण सावलीच्या बाबतीत तोही लहानच. पसरवणारी वस्तू दिव्यापासून लांब हवी आणि मोठी हवी, म्हणजे उजेड आधी तिच्यावर फाकतो आणि मग ती सगळीच्या सगळी दिवा बनते.

रविवारी फाफडा आला. कागदावर तेलाचे डाग पडलेले. मुलाने तो कागद चौकाच्या दाराकडे धरला, तर डागातून पलीकडचा उजेड आरपार आणि बाकीचा कागद काळपट. कागद पांढरा का दिसतो, तर त्याच्या तंतूंमध्ये हवा असते. उजेड तंतूतून हवेत, हवेतून तंतूत असा पावलोपावली वळत राहतो आणि बराचसा मागे फिरतो. तेल त्या फटी भरतं. तेल आणि तंतू यांच्यातून जाताना उजेडाला फारसं वळावं लागत नाही, म्हणून तो सरळ पार होतो. दूध पांढरं दिसतं तेही असंच, त्यातले स्निग्धांशाचे आणि प्रथिनांचे कण उजेड उधळतात. आईने हे ऐकून विचारलं, "मग माझ्या पापडाच्या डब्यातला कागद फुकट टाकत होते का इतकी वर्षं?"

त्या तेलाच्या डागाचा आणखी एक उपयोग मुलाला ठाऊक होता. बुन्सेनने याच डागाने दोन दिव्यांचा उजेड ताडून बघायची युक्ती काढली होती. तोच बुन्सेन, ज्याच्या नावाचा बर्नर आपण प्रयोगशाळेत पेटवला. डागाचा कागद दोन दिव्यांच्या मधे उभा धरायचा. मागून उजेड जास्त असेल तर डाग उजळ, पुढून जास्त असेल तर डाग गडद, आणि दोन्हीकडून सारखा असला की डाग दिसेनासा होतो. आम्ही रात्री खोली काळोखी करून बसलो. एका बाजूला उघडा एलईडी बल्ब, दुसऱ्या बाजूला तसाच बल्ब, पुढ्यात मंगळबाजारातून आणलेलं पांढरं मलमल एकेरी ताणून. उघडा बल्ब चार फुटांवर आणि मलमलमागचा साधारण तीन फुटांवर असताना डाग विरला. अंतराच्या वर्गाचा हिशेब लावला तर सोळापैकी नऊ भाग उजेड कापडातून येत होता, अर्ध्याहून थोडा जास्त. म्हणजे मऊ उजेडासाठी जवळजवळ अर्धा उजेड सोडून द्यायची तयारी हवी. आमच्या ट्यूबच्या पैशांचं मला तेवढं वाईट वाटेनासं झालं.

चौकट सापडली ती माळ्यावर. खिडकीचा डासांच्या जाळीचा जुना पल्ला, अडीच फूट बाय दोन. जाळी फाडून टाकली, मलमल बारीक खिळ्यांनी ताणून ठोकलं. आई उजव्या हाताने टाके घालते, म्हणून पल्ला तिच्या डाव्या खांद्याच्या बाजूला खुर्चीच्या पाठीला बांधला. त्याच्या मागे हातभर अंतरावर एलईडीचा बल्ब. समोरच्या भिंतीवरची ट्यूब काढली. आईने सुई कापडावर धरली, वरखाली केली. सुईखाली एक फिकट करडी झाक, कापडाला सुई टेकली की तेवढीच दाट होणारी. बस, दुसरं काही नाही. तिने त्या रात्री कोयरीचा एक अख्खा देठ भरला.

आजूबाजूला बघावं तर सगळीकडे हेच चाललेलं असतं, आपलं लक्ष नसतं. न्हाणीघराची खडबडीत काच, दंतवैद्याच्या खुर्चीवरचा मोठा दिवा, फोटोवाल्याची पांढरी छत्री, काही मोबाइलच्या पडद्याच्या आतले उजेड पसरवणारे पातळ थर. मूकपटांच्या काळी उन्हात शूटिंग करताना वर पांढरं कापड ताणत. दादासाहेब फाळके फोटोग्राफी शिकले ते आमच्या घराजवळच्या कलाभवनात, म्हणून मला ही गोष्ट उगाच घरची वाटते. लग्नातले पांढऱ्या मांडवाखालचे फोटो मेकअपमुळे बरे येतात हा आमच्या बहिणीचा समज मात्र अजून मोडता आलेला नाही.

सगळ्यात चीड मला आमच्याच फरशीची आली. पाच वर्षांपूर्वी कोबा उखडून आम्ही आरशासारख्या टाइल्स बसवल्या होत्या, हौसेने. चुन्याची भिंत उजेड घेते आणि दाही दिशांना वाटून टाकते. पुस्तकात त्याला अनियमित परावर्तन म्हणतात. टाइल मात्र घेतलेला उजेड आहे तसा परत फेकते, म्हणून आईच्या पायाशी ट्यूबची लखलखीत पट्टी पडायची, आणि मान खाली घातली तरी ती डोळ्यात जायची. एक जुनी सतरंजी अंथरली. साठ हजारांच्या टाइल्सवर सतरंजी! जुन्या लोकांनी चौकाच्या भिंतींना दर दिवाळीला चुना का दिला ते कळलं. नुसत्या शोभेसाठी नव्हता तो. वरून चौकात पडलेलं ऊन त्या भिंती खोल्यांत उतरवत असत.

उत्तरायणाला, म्हणजे संक्रांतीला, गच्चीवर मुलाने आणखी एक गंमत दाखवली. सूर्य आपल्याला अर्ध्या अंशाएवढा दिसतो, अगदी बिंदू नाही. त्यामुळे उन्हातल्या सावलीलासुद्धा पुसट कड असते. वस्तू मीटरभर वर असेल तर ती कड सुमारे ९ मिलिमीटर रुंद. या हिशेबाने दोन फुटी पतंग साधारण ६५ मीटरच्या वर गेला की त्याची गडद सावली जमिनीवर पोचतच नाही. आभाळ पतंगांनी भरलं होतं, त्या दिवशी बडोद्यात ते असतंच. आम्ही गच्चीवर सावल्या शोधत होतो, आणि सापडल्या त्या फक्त शेजारच्या गच्चीवरून नुकत्याच चढणाऱ्या पतंगांच्या. सुईचंही तेच. उन्हात ती कापडापासून दहा सेंटिमीटर वर नेली तर सावलीचा काळा गाभा संपतो.

हे सगळं झालं आणि मी खूश होते, पण आई पूर्ण खूश नव्हती. रात्री रिक्षातून येताना समोरच्या गाड्यांचे दिवे तिला "कापसाच्या बोंडासारखे" दिसायचे. मलमलच्या उजेडातही फिकट कापडावर फिकट दोरा चाचपडायला लागायचा. माघात एकदाचं डोळ्यांच्या डॉक्टरांकडे नेलं. खरं तर सुई पहिल्यांदा हातात आली तेव्हाच न्यायला हवं होतं. तीन महिने मी दिव्यांशी खेळत बसले.

डॉक्टरांनी तिची हनुवटी टेकवून तपासायचं यंत्र लावलं आणि बाजूच्या पडद्यावर मला दाखवलं. त्या यंत्रातून उजेडाची एक बारीक उभी फट डोळ्यात सोडतात. माझ्या डोक्यात एकदम आमच्या पत्र्याच्या पडवीतला कवडसा आला. खोलीतली हवा स्वच्छ असेल तर कवडशाची वाट दिसत नाही, फक्त जमिनीवरचा गोल दिसतो. केर काढला की धूळ उडते आणि उजेडाचा अख्खा दांडा हवेत उभा राहतो. आईच्या डोळ्यातल्या भिंगात तसाच दांडा उभा होता, पिवळट, दुधी. स्वच्छ भिंगातून उजेड जवळजवळ गुपचूप जातो. हिच्या भिंगात तो वाटेतच विखुरत होता. मोतीबिंदू, दोन्ही डोळ्यांत, उजव्यात जास्त.

तेव्हा माझ्या डोक्यातले दोन सुटे धागे जुळले. उजेड विखुरलेला बरा, पण तो वस्तूवर पडायच्या आधी. एकदा सुईवरून निघाला की डोळ्याच्या पडद्यापर्यंत सरळ यायला हवा. तिथे विखुरला तर सुईचा उजेड आणि भिंतीचा उजेड एकमेकांत कालवला जातो आणि चित्रावर पांढरं धुकं बसतं. समोरच्या भिंतीवर ट्यूब लावून आम्ही नेमकं ते धुकं वाढवलं होतं. ट्यूबचा उजेड कापडावर कमी आणि तिच्या गढूळ भिंगात जास्त जात होता. "टोचतो" म्हणाली ती शब्दशः खरं सांगत होती, आणि मी दोन हजारांचा हिशेब करत होते.

होळीनंतर उजव्या डोळ्याचं ऑपरेशन झालं. भूल थेंबांची, अर्ध्या तासात बाहेर, दुसऱ्या दिवशी पट्टी निघाली. काळा चष्मा, वेळापत्रकाने थेंब, डोक्यावरून पाणी घ्यायचं नाही, वाकून केर काढायचा नाही. हे शेवटचं पाळून घेणं सगळ्यात कठीण गेलं. डावा डोळा महिन्याने करायचा होता. मधल्या त्या महिन्यात आईला एक खेळ सापडला. एक डोळा झाकायचा, मग दुसरा.

"या डोळ्याने भिंत पांढरी. या डोळ्याने चहा सांडल्यासारखी."

वयाबरोबर भिंग पिवळं पडत जातं आणि निळा उजेड अडवतं. इतकं हळूहळू होतं की माणसाला कळत नाही. दर दिवाळीला रंग देऊनही भिंत जुनाट दिसते म्हणून आई रंगाऱ्याला बोलायची, त्या बिचाऱ्याची आता मला दया येते.

त्याच महिन्यात मुलगा आम्हाला लक्ष्मीविलास राजवाड्याच्या आवारातल्या फत्तेसिंगराव संग्रहालयात घेऊन गेला. राजा रविवर्म्यांनी सयाजीराव महाराजांसाठी केलेली चित्रं तिथे आहेत. मी ती शाळेपासून पाहत आलेय, पण नेहमी दागिने आणि साड्यांचे काठ पाहिले. या वेळी हनुवटीखाली पाहिलं. गालावरून गळ्याकडे येताना उजेड कुठे संपला आणि सावली कुठे सुरू झाली याची रेघ सापडत नाही. चित्रकार उत्तरेची खिडकी का मागतात ते मुलाने सांगितलं. तिथून ऊन येत नाही, आभाळ येतं. मी लगेच टोकलं की बडोदे २२.३ अंशांवर, कर्कवृत्ताच्या थोडं खाली, तेव्हा जूनच्या सुरुवातीपासून जुलैच्या दुसऱ्या आठवड्यापर्यंत आपल्याकडे दुपारचा सूर्यसुद्धा डोक्याच्या किंचित उत्तरेला असतो, आणि सकाळ-संध्याकाळी उत्तरेच्या खिडकीत तिरपं ऊन येतं. तो हसला. "मासी, तेव्हा आम्हाला सुट्टी असते."

आई मात्र एका चित्रापुढे बराच वेळ उभी होती, डावा डोळा तळव्याने झाकून. निळा शालू पाहत होती. घरी आल्यावर तिने चादर काढली, चौकाच्या दारात नेली आणि उलगडली. पुन्हा एक डोळा झाकला, दुसरा झाकला.

"अगं, हा मोर काळा आहे."

होता. आम्ही सगळ्यांनी रोज पाहिला होता. मला वाटायचं तिने मुद्दाम काळी मान केली असेल, वेगळं काही. ती दोऱ्याचा डबा घेऊन बसली. गर्द निळ्या दोऱ्याची लडी जशीच्या तशी, न उघडलेली, काळ्याची संपत आलेली. दोन्ही तिच्या जुन्या डोळ्यांना सारख्याच दिसत होत्या.

नातीला कळवलं तर ती म्हणाली, राहू दे आजी, छान दिसतोय. आईने ते मनावर घेतलं नाही. डाव्या डोळ्याच्या ऑपरेशननंतर डॉक्टरांनी बारीक काम करायची परवानगी दिली, आणि तिने उसवायला सुरुवात केली. मलमलचा पल्ला खुर्चीला बांधलेलाच होता, तो तिने काढू दिला नाही. लग्नाला तेरा दिवस उरले होते. मी चहाचा कप घेऊन पल्ला आणि तिच्या मधून जायला लागले.

"उजेडात येऊ नकोस," ती मान वर न करता म्हणाली. मी खाली पाहिलं. चादरीवर माझी सावली कुठेच नव्हती, नुसती मोराची मान जराशी मळकट झाली होती. मी मागून वळसा घालून कप ठेवला. सुई तिने स्वतःच ओवली होती.